मुक्या पडद्यावरचा शेतकरी

खानापूर स्टेशनात लोंढ्याकडे जाणारी गाडी शिरली, की मला कोल्हापूरचा एक पोरगा आठवतो. शांताराम वणकुद्रे. पुढं अख्ख्या देशानं त्याला व्ही. शांताराम म्हणून ओळखलं. मिसरूड फुटायच्या आधीच तो हुबळीच्या रेल्वे वर्कशॉपात कामाला लागला होता. कोल्हापूरहून हुबळीला जायची आगगाडीची वाट मिरज, बेळगाव, खानापूर, लोंढा अशीच. आमचं हे स्टेशन त्यानं पाहिलं असणार.

हुबळीतल्या एका सिनेमागृहात तो पडेल ते काम करायचा आणि मूकपट बघायचा. भोवतालचं गाव कानडी, मुलगा मराठी. पडद्यावरच्या चेहऱ्याला मात्र दोघंही सारखेच. 1920 च्या सुमारास तो कोल्हापुरात बाबुराव पेंटर यांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत गेला. तिथं हलकी कामं केली, अभिनय केला, दिग्दर्शन शिकला.

1925 साली पेंटरांनी 'सावकारी पाश' काढला. देवादिकांच्या कथा बाजूला ठेवून त्यांनी कर्जात जमीन गमावून शहराची वाट धरणारा शेतकरी पडद्यावर आणला. तो तरुण शेतकरी झाला होता शांताराम. त्यातली अंधुक उजेडातली झोपडी आणि रडणारं कुत्रं चित्रपट-निर्माते जे. बी. एच. वाडिया पुढं कित्येक वर्षं विसरले नाहीत. मूकपटातल्या कुत्र्याचं रडणं!

मला ते खरं वाटतं. आमच्या आजोबांचं भाताचं शेत असंच गहाण पडलं होतं. आजी ती हकिकत सांगताना कधी रडली नाही. मध्येच थांबायची, हातातलं सूप बाजूला ठेवायची. आम्हा पोरांना पुढचं सगळं तेवढ्यातच कळायचं.

1927 मध्ये शांतारामांनी 'नेताजी पालकर' दिग्दर्शित केला, 1929 साली सहकाऱ्यांबरोबर 'प्रभात' ही फिल्म कंपनी उभी केली. मग बोलपट आला. 1932 चा 'अयोध्येचा राजा' त्यांना मराठीत आणि हिंदीत असा दोनदा करावा लागला. सिनेमाला वाचा फुटली आणि त्याच दिवशी प्रेक्षकांची भाषेवरून वाटणी झाली. घरात मराठी, बाजारात कन्नड आणि घाटाखालच्या पाहुण्यांची कोकणी ऐकत वाढलेल्या माझ्यासारख्याला ही वाटणी जरा जास्तच लागते.

शांतारामांनी मात्र चेहऱ्यावरचा विश्वास सोडला नाही. 1957 च्या 'दो आँखें बारह हाथ'मध्ये दिग्दर्शक तेच, जेलरही तेच. आणि सहा कैद्यांना धाक कशाचा, तर त्या जेलरच्या दोन डोळ्यांचा. सावकाराच्या दारात उभं राहून न बोलता दुःख दाखवलेला माणूसच नजरेवर एवढा भार टाकू शकतो.

आपले बहुतेक मूकपट काळानं गिळले. जे थोडे उरलेत, ते सीमाभागातल्या मराठी आणि कन्नड शाळांतल्या पोरांना एकाच सतरंजीवर बसवून दाखवावेत, असं मला मनापासून वाटतं. पडद्यावरचा माणूस हातातलं सूप खाली ठेवेल, तेव्हा शेजारच्याला अर्थ विचारायची पाळी कुणावरच येणार नाही.