वाटाड्या सक्तीचा, पण थांबायचे कोणी ठरवायचे?

नेपाळमध्ये पदभ्रमणासाठी जाणाऱ्या परदेशी पर्यटकांना १ एप्रिल २०२३ पासून परवानाधारक मार्गदर्शक सोबत घेणे सक्तीचे करण्यात आले. एकट्याने डोंगरात शिरून बेपत्ता होणारे पर्यटक, त्यांच्या शोधमोहिमांचा खर्च आणि नोंदणी न करता चालणारा व्यवसाय ही कारणे नेपाळ पर्यटन मंडळाने त्या वेळी दिली होती. एव्हरेस्टच्या पायथ्याकडील खुंबू पासाङ ल्हामू ग्रामपालिकेने मात्र ही सक्ती आपल्या हद्दीत राबविण्यास नकार दिला. त्यानंतर जून २०२४ मध्ये उत्तराखंडातील सहस्रतालच्या वाटेवर नऊ जणांचा बळी गेला आणि हिमालयातील पदभ्रमणावर नियंत्रण हवे, ही मागणी भारतातही जोर धरू लागली.

या दोन्ही चर्चांमध्ये एक गोष्ट बाजूला पडली. सहस्रतालला गेलेल्या तुकडीसोबत स्थानिक मार्गदर्शक होते. ४ ऑक्टोबर २०२२ रोजी द्रौपदी का दांडा शिखरावर हिमस्खलनात सापडलेले प्रशिक्षणार्थी तर उत्तरकाशीच्या नेहरू गिर्यारोहण संस्थेचे होते आणि अनुभवी प्रशिक्षक त्यांच्यासोबत होते. वाटाड्या असणे आवश्यक आहे, यात वाद नाही. परंतु परत फिरण्याचा किंवा एक दिवस थांबण्याचा निर्णय नेमका कोणाच्या हाती असतो आणि तो घेण्याइतकी मोकळीक मोहिमेच्या वेळापत्रकात ठेवलेली असते काय, हा त्याहून महत्त्वाचा प्रश्न आहे. दरवर्षी मुंबई, पुणे, नाशिक, कोल्हापुरातून हिमालयात जाणाऱ्या हौशी पदभ्रमणकर्त्यांच्या जिवाशी त्याचा थेट संबंध आहे.

उंचीचे गणित

महाराष्ट्रातील सर्वांत उंच शिखर म्हणजे कळसूबाई. त्याची उंची १,६४६ मीटर. विरळ हवेचा त्रास सर्वसाधारणपणे २,५०० मीटरच्या पुढे जाणवू लागतो. म्हणजे सह्याद्रीत वर्षानुवर्षे भटकणाऱ्या, एका दमात गड चढणाऱ्या माणसालाही अतिउंचीवर आपले शरीर कसे वागेल याचा अनुभव घरच्या डोंगरात मिळू शकत नाही. त्या भटकंतीने पाय तयार होतात, दम वाढतो. विरळ हवेशी जुळवून घेण्याची क्रिया मात्र त्या उंचीवर राहूनच घडते आणि तिला तिचा वेळ लागतो.

हवेतील प्राणवायूचा वाटा सर्व उंचींवर सारखाच, म्हणजे सुमारे २१ टक्के असतो. कमी होतो तो हवेचा दाब. ५,५०० मीटरच्या आसपास हा दाब समुद्रसपाटीच्या जवळपास निम्म्यावर येतो आणि प्रत्येक श्वासातून मिळणारा प्राणवायूही त्याच प्रमाणात घटतो. डोकेदुखी, मळमळ, अन्नावरची वासना उडणे, झोप न लागणे ही त्रासाची प्राथमिक लक्षणे. त्याकडे दुर्लक्ष करून चढत राहिल्यास फुप्फुसांत पाणी साचू शकते किंवा मेंदूला सूज येऊ शकते. चालताना तोल जाऊ लागला, बोलणे असंबद्ध झाले की रुग्णाला ताबडतोब खाली नेणे हाच खात्रीचा उपाय उरतो. प्राणवायूचा सिलिंडर आणि औषधे त्या उतरणीसाठी हाती थोडा वेळ मिळवून देतात, एवढेच. तरुण व धडधाकट माणूस यातून सुटतो, हाही गैरसमजच आहे. उलट भराभर चढणारा धडधाकट गडी अधिक लवकर सापडतो, असे अनुभवी वाटाडे सांगतात.

या क्षेत्रातील वैद्यकीय सल्ला स्पष्ट आहे. ३,००० मीटरच्या वर गेल्यानंतर रोजच्या मुक्कामाची उंची ५०० मीटरपेक्षा जास्त वाढवू नये आणि दर तीन-चार दिवसांनी एक दिवस त्याच उंचीवर काढावा. एव्हरेस्टच्या पायथ्याच्या तळाला हे गणित लावून पाहता येते. लुक्लाची धावपट्टी सुमारे २,८६० मीटरवर, नामचे बाजार ३,४४० मीटरवर, दिंगबोचे ४,४१० मीटरवर, गोरक्षेपचा शेवटचा मुक्काम ५,१६४ मीटरवर आणि तळ ५,३६४ मीटरवर. म्हणूनच नामचे आणि दिंगबोचे येथे प्रत्येकी दोन रात्री काढण्याची रीत पडली आणि लुक्लापासून लुक्लापर्यंतचा प्रवास साधारण बारा दिवसांचा झाला. लुक्लाचे विमान ढगांमुळे एक-दोन दिवस न उडणे ही तेथील नित्याची बाब असल्याने त्यासाठी आणखी दिवस हाताशी लागतात.

उद्याची तुकडी

शहरी नोकरदाराचे गणित याच्या नेमके उलटे असते. दोन शनिवार-रविवार आणि मधले पाच दिवस रजा धरली की नऊ दिवस हातात येतात. त्यातले दोन-तीन दिवस येण्याजाण्यात जातात. उरलेल्या दिवसांत 'शिखर', 'खिंड' किंवा 'तळ' बसवून द्यावा, अशी ग्राहकाची अपेक्षा असते आणि बाजार ती पुरी करतो. दोन कंपन्यांच्या माहितीपत्रकांत एकाच वाटेसाठी एकीने सहा आणि दुसरीने आठ दिवस लिहिले असतील, तर सहा दिवसांची सहल स्वस्त पडते आणि तीच आधी भरते. कमी केलेले दोन दिवस बहुधा विश्रांतीचे किंवा राखीव असतात. कारण चालण्याचे अंतर काही कमी करता येत नाही.

भारतीय हिमालयातील लोकप्रिय वाटांवर याला आणखी एक पदर आहे. तेथे ठराविक ठिकाणी तंबू कायमचे ठोकलेले असतात आणि हंगामात एकामागून एक तुकड्या रोज एक तळ पुढे सरकत राहतात. या पद्धतीने पदभ्रमण सामान्य मध्यमवर्गीयाच्या खिशाला परवडू लागले, हे मान्यच करायला हवे. यूथ होस्टेल्स असोसिएशनच्या शिबिरांमुळे हजारो मराठी तरुणांनी हिमालय पहिल्यांदा पाहिला तो अशाच व्यवस्थेतून. मात्र तिचा एक तोटा आहे. आज ज्या तंबूत झोपलो, तो उद्या मागून येणाऱ्या तुकडीसाठी रिकामा करावा लागतो. रात्रभर डोके दुखलेल्या सहभागीला 'एक दिवस येथेच थांब, बरे वाटले तर उद्या चढ' असे सांगण्याची सोय वेळापत्रकातच नसते. मग दोनच मार्ग उरतात. गोळी घेऊन पुढे चालायचे किंवा मोहीम सोडून खाली जायचे. खाली जायचे तर सोबत जाणकार माणूस हवा. दहा-पंधरा जणांच्या तुकडीत एकच जाणकार मार्गदर्शक असेल, तर तो कोणासोबत राहणार?

अशा वेळी मार्गदर्शकावर येणारा दबाव समजून घेतला पाहिजे. त्याची कमाई वर्षातील मोजक्या महिन्यांची. मोहिमेअखेर मिळणारी बक्षिसी ही त्या कमाईतील मोठी रक्कम. खिंडीच्या अलीकडून परत फिरविलेली तुकडी नाराज होते, कंपनीकडे तक्रार करते, इंटरनेटवर प्रतिकूल अभिप्राय लिहिते आणि पुढच्या हंगामात त्याला बोलावणे येईलच याची खात्री राहत नाही. आभाळ भरून आले आहे, हे त्याला सर्वांआधी कळते. ते सांगण्याची किंमतही सर्वांत जास्त त्यालाच मोजावी लागते.

हा दबाव उलट्या दिशेनेही काम करू शकतो. सौम्य त्रास होत असलेल्या पर्यटकांना घाबरवून हेलिकॉप्टर मागवायला लावायचे आणि विमा कंपन्यांकडून फुगवलेली बिले वसूल करायची, असा प्रकार नेपाळमध्ये उघडकीस आला. २०१८ मध्ये तेथील सरकारला त्याची चौकशी करावी लागली. एकीकडे आजारी माणसाला वर ढकलले जाते, तर दुसरीकडे ठणठणीत माणसाला रुग्ण ठरविले जाते. दोन्हीकडे निर्णय घेणाऱ्याचे पैसे त्या निर्णयात गुंतलेले असतात.

हुडहुड ते सहस्रताल

ऑक्टोबर २०१४ ची दुर्घटना या दृष्टीने बोलकी आहे. हुडहुड चक्रीवादळ १२ ऑक्टोबरला विशाखापट्टणमच्या किनाऱ्यावर धडकले. ते उत्तरेकडे सरकत असल्याचे हवामान खात्यांना ठाऊक होते. तरीही १४ ऑक्टोबरला अन्नपूर्णा परिक्रमेतील ५,४१६ मीटर उंचीच्या थोरोंग ला खिंडीच्या वाटेवर पदभ्रमणकर्ते निघालेच. दुपारपर्यंत हिमवादळाने वाट पुसून टाकली. मध्य नेपाळमधील त्या आपत्तीत चाळीसहून अधिक माणसे दगावली. त्यांत परदेशी पर्यटकांबरोबर नेपाळी मार्गदर्शक आणि भारवाहकही होते. वादळाची खबर आणि खिंडीखालची विश्रामगृहे यांच्यात दुवा नव्हता आणि एक दिवस थांबा, असे अधिकाराने सांगणारेही कोणी नव्हते.

सहस्रतालची कहाणीही फारशी वेगळी नाही. उत्तरकाशी आणि टिहरी जिल्ह्यांच्या सीमेवरील हा तलाव ४,००० मीटरहून अधिक उंचीवर आहे. २२ जणांची तुकडी २९ मे २०२४ रोजी निघाली. त्यांत बहुतेक कर्नाटकातील हौशी पदभ्रमणकर्ते होते, एक जण महाराष्ट्रातील होता आणि तिघे स्थानिक मार्गदर्शक होते. ३ जूनला वरच्या टप्प्यात वारा आणि बर्फाने त्यांना गाठले. वाट दिसेनाशी झाली आणि कडाक्याच्या थंडीत रात्र उघड्यावर काढावी लागली. मदत पोहोचेपर्यंत नऊ जण गेले होते. हवाई दल आणि राज्य आपत्ती प्रतिसाद दलाने १३ जणांना वाचविले. त्यानंतर चौकशीचे आदेश निघाले आणि परवानग्यांची छाननी सुरू झाली. तुकडीत किती जण असावेत, कोणत्या वेळेनंतर पुढे जाऊ नये, उपग्रह फोन कोणाकडे असावा, असे साधे प्रश्न मात्र दुर्घटनेनंतरच विचारले जातात, हेही पुन्हा एकदा दिसले.

दोन वेगळी उदाहरणे

हा गुंता सोडविता येत नाही, असे नाही. परराष्ट्र मंत्रालयामार्फत होणाऱ्या कैलास-मानसरोवर यात्रेत दिल्लीत वैद्यकीय तपासणी होते आणि लिपुलेखच्या मार्गावर गुंजी येथे भारत-तिबेट सीमा पोलिस दलाचे डॉक्टर यात्रेकरूंना पुन्हा तपासतात. तेथे अपात्र ठरलेल्याला माघारी फिरावे लागते. पाच वर्षांच्या खंडानंतर २०२५ मध्ये ही यात्रा पुन्हा सुरू झाली. गुंजीच्या डॉक्टरला बक्षिसी मिळायची नसते आणि यात्रेकरू रुसला म्हणून त्याची नोकरी जात नाही. तेथील निर्णयाला वजन येते ते यामुळे.

दुसरे उदाहरण लडाखचे. झंस्कार नदीच्या गोठलेल्या पात्रावरून होणाऱ्या 'चादर' मोहिमेसाठी सुमारे ३,५०० मीटर उंचीवरील लेहमध्ये आधी मुक्काम आणि मग वैद्यकीय तपासणी, असा दंडक घालण्यात आला. या नियमामुळे सर्वच कंपन्यांना तेवढे दिवस धरावे लागतात आणि विश्रांतीचा दिवस कापून स्वस्त होण्याची स्पर्धा निदान त्या टप्प्यापुरती थांबते. वाटाड्याच्या सक्तीपेक्षा दिवसांची सक्ती अधिक परिणामकारक ठरू शकते, याचा हा दाखला आहे.

अर्थात नियमांचा अतिरेकही घातक ठरतो. उत्तराखंड उच्च न्यायालयाने ऑगस्ट २०१८ मध्ये बुग्यालांवर रात्रीच्या मुक्कामास मनाई केली. उंचावरील या कुरणांचे रक्षण हा त्यामागचा हेतू योग्यच होता. परंतु रूपकुंडसारख्या वाटा बंद पडल्या आणि त्यांवर पोट असलेल्या गावांना त्याची झळ बसली. खुंबूच्या ग्रामपालिकेचा विरोध किंवा सरसकट निर्बंधांबाबत महाराष्ट्रातील गिर्यारोहण संस्थांनी वेळोवेळी नोंदविलेले आक्षेप यांतही तथ्य आहे. डोंगर कोणाच्या परवानगीने चढायचा, हा प्रश्न या मंडळींना मानवत नाही.

जबाबदारी कोणाची?

केंद्रीय पर्यटन मंत्रालयाने २०१८ मध्ये साहसी पर्यटनासाठी मार्गदर्शक तत्त्वे प्रसिद्ध केली, पण ती कायद्याची जागा घेत नाहीत. महाराष्ट्र शासनाने २०२१ मध्ये साहसी पर्यटनाचे स्वतंत्र धोरण आणले. हिमालयातील सहलींबाबत मात्र अडचण वेगळीच आहे. पैसे पुण्यात भरले जातात, वाटाडा उत्तरकाशीचा असतो, तंबू तिसऱ्याच ठेकेदाराचे असतात आणि अपघात परराज्यात किंवा परदेशात घडतो. जबाबदारी निश्चित करण्याची वेळ आली की प्रत्येक जण दुसऱ्याकडे बोट दाखवितो. निदान पैसे स्वीकारणाऱ्या संस्थेने राखीव दिवस, मार्गदर्शकांची संख्या, संपर्काची साधने आणि परतीचा निर्णय कोणाचा, हे लेखी द्यावे एवढी सक्ती राज्य पातळीवरही करता येण्यासारखी आहे.

तोवर ही चौकशी ग्राहकालाच करावी लागणार. ३,००० मीटरच्या वर किती रात्री आहेत? त्यांत विश्रांतीची रात्र कोणती? एक जण आजारी पडला तर त्याला घेऊन कोण उतरणार आणि उरलेल्यांसोबत कोण राहणार? विम्यात त्या उंचीवरील सुटका धरलेली आहे काय? हवामानामुळे मार्गदर्शकाने परत फिरविले तर त्याच्या मेहनतान्यात कपात होणार नाही ना? ही उत्तरे मागणाऱ्या ग्राहकांची संख्या वाढली, तर सहा दिवसांची सहल पुन्हा आठ दिवसांची होण्यास वेळ लागणार नाही.

ऑक्टोबर २०२५ च्या पहिल्या आठवड्यात एव्हरेस्टच्या तिबेटकडील बाजूस अवेळी झालेल्या हिमवर्षावात शेकडो पर्यटक आपापल्या तंबूंत अडकून पडले आणि त्यांना खाली आणण्यासाठी मोठी मोहीम राबवावी लागली. सुटीच्या दिवसांत गर्दी वर चढलेली आणि हवामान अचानक फिरलेले, हे चित्र हिमालयात यापुढेही दिसत राहणार आहे. वाटाड्या सोबत असेल, हे कायदा पाहू शकतो. 'आज पुढे जायचे नाही' असे त्याने म्हटल्यावर तुकडीने ते निमूटपणे ऐकावे, यासाठी मात्र रजेचे दोन दिवस जास्त टाकण्याची तयारी घरून निघतानाच ठेवावी लागेल.