किल्ली, चावी आणि मालकी

मंडळी, आज जरा चिडून लिहितोय.

गेमची लायसन्स की कुठून घ्यावी, कशी वापरावी, हे सांगणारे लेख तणासारखे माजलेत. चार वाचा, चारही एकच. मूळ मजकूर कुणीतरी एकाने लिहिलेला. बाकीच्यांनी तो समानार्थी शब्दांच्या घाण्यात घातला आणि 'नवा लेख' म्हणून बाहेर काढला. 'की'ची झाली 'किल्ली', पुढच्या लेखात 'चावी'. 'परवान्या'चा झाला 'अधिकार', आणि अधिकाराची पुढे 'मालकी'. यात कुणाचं काय गेलं, असं वर विचारतात!

गेलं वाचकाचं. किल्ली आणि चावी एकच, मान्य. पण परवाना आणि मालकी? आमच्या देवगड-मालवणात आंब्याची बाग हंगामापुरती कराराने घेतात. आंबे घेणाऱ्याचे, झाडं बागवाल्याची. शाळकरी पोरगंही सांगेल, "झाडां तुझी नाय, आंबे तेवढे तुझे." गेमची की म्हणजे तोच करार. फरक इतकाच की हंगाम कधी संपणार ते बागवाला ठरवतो.

युबिसॉफ्टचा 'द क्रू' आठवतोय? २०१४ साली आलेला गाड्यांचा गेम. ३१ मार्च २०२४ ला कंपनीने सर्व्हर बंद केले. इंटरनेटशिवाय तो चालतच नव्हता, त्यामुळे पैसे मोजून घेतलेल्यांच्या हातात काही उरलं नाही. पुढे परवानेही काढून घेतले. त्यावरून जो गदारोळ झाला तो सगळा या दोन शब्दांमधल्या फरकाचा. कॅलिफोर्नियाने तर कायदाच केला, १ जानेवारी २०२५ पासून लागू. डिजिटल दुकानाने 'विकत घ्या' असं बटण ठेवायचं असेल, तर तुम्हाला मिळतोय तो फक्त परवाना, हे स्पष्ट सांगायचं. (कायम ऑफलाइन राहील अशी प्रत देत असाल तर सूट.) एका शब्दासाठी विधिमंडळ बसतं, आणि आमचे हे महाभाग तोच शब्द कंटाळा आला म्हणून बदलतात!

हा रोग गेमपुरता नाही म्हणा. २०२१ मध्ये गियोम काबानाक आणि सहकाऱ्यांनी शोधनिबंधांतली अशी पिळवटलेली शब्दरूपं उजेडात आणली. 'आर्टिफिशियल इंटेलिजन्स'चं तिथे 'काउंटरफिट कॉन्शसनेस' झालं होतं. सिंधुदुर्ग किल्ल्यातल्या दूधबाव, दहीबाव, साखरबाव उद्या घाण्यात गेल्या तर 'दुग्धकूप' शोधत फिरणारा पर्यटक आमच्या होडीवाल्यांना भेटणार, दुसरं काय.

गंमत अशी की खुद्द की हा असा मजकूर आहे की ज्यात एक अक्षरही बदलता येत नाही. स्टीमची की घ्या: पाच-पाचचे तीन गट, पंधरा अक्षरं. एक चुकलं की संपलं. त्या पंधरा अक्षरांना जपणारा माणूस त्यांच्या अटींचा परिच्छेद मात्र खुशाल भरडतो. 'फक्त अमुक देशांत सुरू होईल' याचं 'अनेक देशांत चालते' केलं, वाक्य सुंदर झालं. आता कुडाळच्या पोराने ते वाचून दुसऱ्याच देशासाठीची की घेतली, तर ती इथे उघडत नाही. आणि एकदा नंबर उघड केलेली की बहुतेक दुकानं परत घेत नाहीत. मूळ मजकुरात हेही स्पष्ट लिहिलेलं असतं. घाण्यातून आल्यावर तिथे 'परतावा सहसा सुलभ' एवढंच उरतं.