असमानता कधी शिकवावी?

बीजगणितात समीकरणाला जो मान मिळतो, तो असमानतेच्या वाट्याला सहसा येत नाही. व्यवहार मात्र बव्हंशी असमानतेवरच चालतो. उत्तीर्ण होण्यास शंभरपैकी किमान ३५ गुण, नोकरीसाठी कमाल वयोमर्यादा, ठरलेल्या पगारात बसणारा महिन्याचा खर्च, ही सारी असमानतेचीच रूपे होत.

तरीही ती कोणत्या इयत्तेत शिकवावी, याविषयी एकमत नाही. एनसीईआरटीच्या अभ्यासक्रमात रेषीय असमानतांचे प्रकरण अकरावीत येते. अमेरिकेत २०१० साली प्रसिद्ध झालेल्या 'कॉमन कोअर' मानकांनी साध्या असमानता सातवीतच घातल्या. वस्तुतः प्रश्न इयत्तेपेक्षा पूर्वतयारीचा आहे.

ऋण संख्येने गुणले की चिन्ह उलटते, हा नियम पुष्कळदा मंत्रासारखा पाठ करविला जातो. त्याचे कारण संख्यारेषेवर सहज दिसते. २ हा ५ पेक्षा लहान; दोहोंना उणे १ ने गुणले की ते शून्याच्या दुसऱ्या बाजूस जातात आणि अधिक दूर गेलेला उणे ५ हाच लहान ठरतो. हे ज्याला उमगले नाही, त्याची फसगत पुढे होते. '१ भागिले क्ष हे २ पेक्षा लहान' असे उदाहरण येताच तो दोन्ही बाजूंना क्षने गुणतो आणि 'क्ष अर्ध्यापेक्षा मोठा' एवढेच उत्तर लिहितो. क्षची प्रत्येक ऋण किंमतही ही अट पुरी करते, हे त्याच्या गावीही नसते. ही चूक आकडेमोडीची नव्हे, अपुऱ्या समजुतीची आहे.

म्हणून हा विषय दोन टप्प्यांत शिकविणे इष्ट. उणे ७ आणि उणे ३ यांत मोठा कोणता व का, हे ज्याला सांगता येते आणि एका प्रश्नाची अनेक उत्तरे असू शकतात हे ज्याला पटते, तो विद्यार्थी सातवी-आठवीतही साध्या असमानतेस तयार आहे. छेदात चल असलेली उदाहरणे मात्र धन आणि ऋण अशा शक्यता वेगळ्या करून विचार करण्याची सवय जडल्यावरच द्यावीत.

अभ्यासक्रम आधीच जड आहे, हा शिक्षकांचा आक्षेप रास्त आहे. परंतु येथे नव्या प्रकरणाची गरज नाही. समीकरणाच्याच तासाला बरोबरीच्या चिन्हाऐवजी 'पेक्षा लहान' हे चिन्ह घालून तेच उदाहरण पुन्हा विचारावे. अकरावीपर्यंत थांबून नियम घोकविण्यापेक्षा हे कितीतरी स्वस्त पडेल.