पॉपला लॉसलेस कशाला?

‘पॉप गाणी मोटारीतल्या रेडिओवर वाजायलाच बनतात, लॉसलेसचे (आवाजातलं काहीच न गाळणाऱ्या फाइलचे) लाड शास्त्रीय संगीताचे करावेत,’ हा पूर्वपक्ष वरवर साधेपणाचा वाटतो. मुळात ती पॉपविषयीची तुच्छता आहे. मायकल जॅक्सनचा १९८२चा ‘थ्रिलर’ घ्या. साउंड इंजिनिअर ब्रूस स्वीडीन यांनी ‘बिली जीन’चे ९१ मिक्स केले आणि शेवटी पसंत पडला तो दुसरा! जॅक्सनच्या आवाजाचा एक थर त्यांनी पुठ्ठ्याच्या लांब नळीतून गाऊन घेतला. तबकडीच्या एका बाजूत फार मिनिटं कोंबल्यानं आवाज पातळ पडला, तेव्हा गाणी छाटून सगळं पुन्हा मिक्स केलं. हा खटाटोप ज्यांना सुगम वाटतो, त्यांनी खुशाल वाटून घ्यावा.

आणि आवाजातला काही भाग गाळून फाइल आवळणारा एमपी३ साचा घडवताना कार्लहाइन्झ ब्रांडेनबुर्ग यांना घाम फोडला तो कुठल्या सिंफनीनं नव्हे, तर सुझान व्हेगाच्या ‘टॉम्स डायनर’नं. वाद्य नाही, नुसता आवाज. कुठे लपायला जागाच नाही.

आता लॉसलेसवाल्यांचीही झाडाझडती घ्यायला हवी. ‘१९२ किलोहर्ट्‌झवर पडदा दूर होतो’ हा दावा मला मान्य नाही. हा आकडा म्हणजे सेकंदाला आवाजाचे किती हजार नमुने घेतले ते. सीडीचे सेकंदाला ४४,१०० नमुने सुमारे २२ किलोहर्ट्‌झपर्यंतचा ध्वनी धरतात. आपले कान २०च्या पुढे जात नाहीत, पन्नाशीत तर त्याच्या बऱ्याच आधी थांबतात. चांगली ३२० केबीपीएसची एमपी३ फाइल आणि लॉसलेस यांतला फरक डोळे झाकून ओळखणं बहुतेकांना जमत नाही, हेही कबूल. ब्लूटूथवर तर फाइल बहुधा पुन्हा आवळली जाते. मग लॉसलेसचा रुबाब कानापर्यंत पोचतोच कुठे?

तरीही मी लॉसलेसच घेईन. २०२१पासून ॲपल म्युझिकवर त्याला जादा पैसेही पडत नाहीत. एमपी३ एकदा आवळली की टाकलेलं परत येत नाही, आणि तीच पुन्हा दुसऱ्या साच्यात घातली की आणखी गळतं. लॉसलेस प्रत मात्र जशी दिली तशी मिळते. म्हणूनच दोष फाइलच्या माथी मारता येत नाही; मास्टरिंगचा, म्हणजे मिक्सवरच्या अखेरच्या संस्काराचा, जाब विचारावा लागतो. १९९०च्या दशकापासून पॉपमध्ये मोठ्या आवाजाची शर्यत लागली आणि हळू-जोराचा चढउतार सपाट झाला. अशी दाबलेली आवृत्ती २४ बिटांत विकली तरी दाबलेलीच राहते. तेव्हा ‘थ्रिलर’ ऐकायचा तर आधी कुठलं मास्टरिंग आहे ते बघा, मग वायरचा हेडफोन लावा. किलोहर्ट्‌झचा आकडा सर्वांत शेवटी.