उशीचे खाते बंद!

वीस वर्षे बँकेत कारकुनी केली की माणसाला एक खोड जडते. समोर येईल ती वस्तू तो मनातल्या मनात जमेला तरी धरतो, नाही तर नावे तरी टाकतो. परवा धाकट्या भावाच्या मुलीचं बारसं झालं. आहेराची नोंद करायला अर्थातच मी! मोहरीच्या उशा दोन, बाळलोड चार, गोधड्या तीन, मऊमऊ रजई एक, कापडी हत्ती एक, शिवाय पाळण्याच्या कडांना बांधायच्या गुबगुबीत पट्ट्या. हे सगळं पाळण्यात मांडून झाल्यावर असं ध्यानात आलं की, आता बाळ तेवढं मावत नाही.

मी म्हटलं, "एक पातळ, घट्ट गादी आणि ताणून बसवलेली चादर ठेवा. बाकीचं काढा."

चेक परत करणाऱ्या कारकुनाकडे खातेदार जसा बघतो, तशी मंडळी माझ्याकडे बघू लागली.

"अरे, मोहरीची उशी नसली तर डोकं चपटं होईल!" मावशी म्हणाली.

आता गोल डोक्याचे साहेब मी बँकेत डझनावारी पाहिले आहेत. गोलपणाचा कामाशी काही संबंध आढळला नाही. ते असो. बाळ जागं असताना, आपण समोर बसून त्याला थोडा थोडा वेळ पालथं घालावं, निजवताना मान कधी या अंगाला तर कधी त्या अंगाला वळवावी. डोकं बहुधा आपसूक आकाराला येतं. पण उशीनं हनुवटी छातीला टेकली, तर ती एवढीशी श्वासनळी दबते. नाक मऊ कापसात रुतलं, तर सोडलेलाच श्वास बाळ पुन्हा आत घेतं. आणि तोंडावर आलेली रजई बाजूला सारायची अक्कल आणि ताकद त्या वयात कुठली? म्हणून निजवायचं ते उताणं, आणि उशीचं खातं वर्षाच्या आत उघडायचंच नाही.

"हे सगळं तुला कुणी सांगितलं?" काकांनी विचारलं.

आकड्यांनी, काका! अमेरिकेतल्या बालरोगतज्ज्ञांच्या संघटनेनं १९९२ साली सांगितलं की, बाळाला पालथं निजवू नका. १९९४ साली त्याची देशभर मोहीम निघाली. १९९२ नंतरच्या दहा वर्षांत झोपेत अचानक दगावणाऱ्या बाळांचं प्रमाण तिथं निम्म्याच्या खाली आलं. औषध नाही, यंत्र नाही, फक्त कूस बदलली! आणि त्या गुबगुबीत पट्ट्या? त्यांच्या विक्रीवर तिथं २०२२ सालच्या कायद्यानं बंदी आली. आपण मात्र त्या फुलं-पानं बघून हौसेनं आणतो.

मग मावशीनं हुकमाचं पान टाकलं. "आम्ही नाही का वाढलो?"

बँकेत 'आयदर ऑर सर्व्हायव्हर' नावाचं खातं असतं. एक गेला की उरलेल्याची सही चालते. "आम्ही नाही का वाढलो" ही तसलीच सही आहे. जे वाढले नाहीत ते सही करायला येत नाहीत.

इतका वेळ आई गप्प होती. माझ्या आधी तिला एक मुलगा झाला होता. तीन महिन्यांचा असताना थंडीच्या रात्री दोन दुलया घालून निजवला. सकाळी उठलाच नाही. लोक म्हणाले, दृष्ट लागली. खरं कारण कुणाला कळलं नाही आणि ते आज मीही सांगू शकणार नाही. पण तो काही या बारशाला येऊन "मी नाही का वाढलो?" म्हणणार नव्हता.

आई उठली. पाळण्यातून एकेक उशी काढून तिनं माझ्या हातात दिली. "अंगात पुरेसे कपडे घाला, पांघरूण नको," एवढंच म्हणाली. मावशीसुद्धा काही बोलली नाही.

अंथरूण पाहून पाय पसरावेत, हे मोठ्यांसाठी. बाळाचं अंथरूण पाहून आपण हात आवरावेत.

त्या उशांतली मोहरी आता आमच्या फोडणीला पुरते आहे. आणि पुतणी? मोकळ्या पाळण्यात दोन्ही हात वर करून उताणी झोपते. दरोडा पडल्यावर कॅशियर उभा राहतो ना, अगदी तश्शी! फरक एवढाच की, हिचा ऐवज शाबूत आहे.