मुक्या चित्रावरचा परका आवाज

१९५६ ते १९५९ या काळात अमेरिकेच्या एबीसी वाहिनीवर ‘बोल्ड जर्नी’ नावाची प्रवासमालिका चालली. तिचा साचा साधा होता. एखादा प्रवासी दूरदेशी १६ मिलिमीटरच्या फितीवर चित्रण करून आणी. मग स्टुडिओत सूत्रसंचालकाशेजारी बसून, फीत सरकत असताना, तो आपली हकीकत सांगे. आधी जॉन स्टीफन्सन, नंतर जॅक डग्लस हे सूत्रसंचालक होते. पुरस्कर्ती कंपनी होती राल्स्टन प्युरिना. धंदा न्याहारीच्या पदार्थांचा आणि पशुखाद्याचा. पडद्यावरची माणसे चालत, हसत, ओझी वाहत. हकीकत सांगायचे काम मात्र स्टुडिओतल्या दोन खुर्च्यांकडे.

यावर आक्षेप घेतला की उत्तर तयार असते: ती काळाची मर्यादा होती. चित्र आणि आवाज एकदम टिपणारी, सहज उचलून नेता येईल अशी सामग्री १९६०च्या सुमारास आली. यंत्रच मुके, तर प्रवाशाला दोष कशाला? प्रवासवर्णने शिकवताना आपणही ‘कालमर्यादा’ हा शब्द असाच वापरतो, आणि तो उच्चारला की चर्चा मिटते. माझे भांडण या मिटण्याशी आहे.

कारण त्याच काळात, तशाच मुक्या कॅमेऱ्याने, जाँ रूश आबिदजानच्या त्रेशव्हिल वस्तीत चित्रण करीत होते. चावी देऊन चालणारा त्यांचा कॅमेरा एका दमात अर्धा मिनिटही टिकत नसे. आवाज नंतरच चढवायचा होता. रूश यांनी चित्रण उमारू गांदा या नायजरहून आलेल्या तरुणाला दाखवले आणि त्यालाच बोलायला सांगितले. त्यातून १९५८चा ‘मुआ, अँ न्वार’ तयार झाला. गांदाने त्यात नाव घेतले आहे एडवर्ड जी. रॉबिन्सन, म्हणजे हॉलिवूडच्या नटाचे. अमेरिकेकडे तिकडूनही कोणी पाहत होते, हे त्या स्टुडिओच्या गावीही नसावे. रूश निर्दोष नव्हेत. १९६५मध्ये उस्मान सेंबेन यांनी त्यांना समोरासमोर धारेवर धरले; पण या चित्रपटाचे मोल त्यांनीही नाकारले नाही.

म्हणजे यंत्राने फक्त शांतता दिली. ती कोणाच्या शब्दांनी भरायची, हे माणसांनी ठरवले. चित्रातल्या माणसाला अमेरिकेत आणणे परवडले नसते, हे मान्य. परंतु तिथल्या विद्यापीठांत तेव्हाही आशिया-आफ्रिकेतले हजारो विद्यार्थी शिकत होते. साच्यात तिसरी खुर्चीच नव्हती, कारण विकायचे होते ते जाऊन आलेल्याचे धाडस. १९५७पासून सीबीएसवर ‘हाय अ‍ॅडव्हेंचर’ सादर करणारे लोएल थॉमस तर रेडिओवरच्या बातम्यांमुळे आवाजावरूनच घरोघरी ओळखले जात.

तेव्हा ‘बोल्ड जर्नी’चा भाग वर्गात जरूर दाखवावा, पण त्याच तासाला ‘मुआ, अँ न्वार’चा शेवटही दाखवावा. खाजणाच्या काठाने चालत गांदा मित्राला इंडोचायनातल्या युद्धाविषयी सांगतो. फ्रेंच सैन्यातून तो तिथे लढून आला होता. पुढे तो स्वतः दिग्दर्शक झाला, आणि तिथून परतलेल्या अशाच एका सैनिकावर त्याने ‘काबास्काबो’ केला.