छतावरचा टॉवर आणि आपली धास्ती

‘जनरेशन झॅप्ड’ हा 2017 सालचा माहितीपट आम्ही काही निवृत्त मंडळींनी फ्रीगंजात एकत्र बसून पाहिला. दिग्दर्शिका सबीन एल-जेमायेल. मोबाइल, वायफाय, मुलांच्या हातातले टॅब्लेट यांचा प्रकृतीवर काय परिणाम होतो, हा विषय. नंतर बराच वेळ चर्चा चालली, कारण आमच्यातल्याच एकांच्या गल्लीत छतावर टॉवर बसवण्याचा प्रस्ताव आला आहे. घरमालकाला दरमहा भाडे, शेजाऱ्यांना धास्ती.

धास्ती अगदीच निराधार म्हणता येत नाही. आपल्याच प्रदेशात, ग्वाल्हेरच्या दाल बाजार भागात घरकाम करणारा एक कर्करुग्ण शेजारच्या छतावरील बीएसएनएलच्या टॉवरविरुद्ध थेट सर्वोच्च न्यायालयात गेला. मार्च 2017 मध्ये न्यायालयाने तो टॉवर सात दिवसांत बंद करायला सांगितले. मात्र टॉवरने कर्करोग होतो याचा शास्त्रीय पुरावा म्हणून तो आदेश दाखवणे चूक आहे. जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संस्थेने 2011 साली या लहरींना ‘2बी’ म्हणजे ‘कदाचित कर्करोगकारक’ या गटात टाकले, हेही खरे. त्याच गटात कोरफडीच्या संपूर्ण पानाचा अर्कही आहे! पुढे 2024 मध्ये त्याच संघटनेने करवून घेतलेल्या आढाव्यात मोबाइलचा वापर आणि मेंदूचा कर्करोग यांचा संबंध आढळला नाही.

माहितीपटात त्रास सांगणाऱ्या माणसांचे दुःख खोटे नाही. पण कर्जदाराची हकीकत ऐकून गलबलून आले, तरी बॅलन्स शीट पाहिल्याशिवाय आम्ही कधी सही केली नाही. इथेही तेच.

एक गोष्ट अनेकांच्या लक्षात येत नाही. शरीरावर पडणाऱ्या लहरींचा मोठा वाटा बहुधा कानाला लावलेल्या फोनचा असतो, लांबच्या टॉवरचा नव्हे. अंतर वाढले की लहरींची तीव्रता झपाट्याने घटते. उलट सिग्नल कमजोर असला की फोन जास्त जोर लावतो. म्हणजे टॉवर गल्लीतून हाकलला आणि आपण खोलीच्या कोपऱ्यात तासभर ‘हॅलो, ऐकू येतंय का’ करत बसलो, तर फायदा काय? 2028 च्या सिंहस्थाची गर्दी पाहता उज्जैनमध्ये टॉवर वाढण्याचीच शक्यता जास्त.

तेव्हा विरोध करायचा तर मोजून करावा. सरकारने 1 सप्टेंबर 2012 पासून टॉवरच्या लहरींची मर्यादा आंतरराष्ट्रीय मर्यादेच्या एक दशांशावर आणली होती. 900 मेगाहर्ट्झसाठी प्रति चौरस मीटर 0.45 वॅट. दूरसंचार विभागाच्या ‘तरंग संचार’ पोर्टलवर, जे 2017 पासून सुरू आहे, टॉवरची माहिती मिळते आणि शुल्क भरून मोजणीही मागता येते. आमचे म्हणणे असे, की समोरच्या घराच्या वरच्या मजल्यावरची मोजणी टॉवर सुरू होण्याआधी आणि नंतर करून घ्यावी. जुन्या इमारतीला हे वजन पेलेल का, याचा इंजिनिअरचा दाखलाही मागावा. आम्हाला तरी पहिली काळजी त्या छताचीच वाटते.

रविवारी गल्लीची बैठक आहे. घरमालकांनाही बोलावले आहे.